वीस लाखांच्या गृहकर्जाचे एक्केचाळीस लाख कसे होतात

२०२५ मध्ये रिझर्व्ह बँकेनं रेपो दर, म्हणजे ती ज्या दरानं बँकांना पैसे देते तो, चार वेळा खाली आणला. वर्षाच्या सुरुवातीला ६.५० टक्के असलेला दर डिसेंबरात ५.२५ वर आला. दर वेळी बातमी तीच, की गृहकर्ज स्वस्त होणार. आणि दर वेळी कर्जदारांचा प्रश्नही तोच, की मग आमचा हप्ता का कमी झाला नाही?

बहुतेक वेळा बँक हप्ता तसाच ठेवते आणि हप्त्यांची संख्या कमी करते. फायदा झालेला असतो, पण खात्यातून जाणारी रक्कम तीच असल्यामुळे तो जाणवत नाही. दर वाढतात तेव्हा याच्या उलट होतं. हप्ता जागच्या जागी राहतो, मुदत गुपचूप लांबते आणि तोटाही कळत नाही. कर्जाची खरी किंमत समजायची तर शिल्लक मुद्दल किती, दर किती आणि महिने किती उरले, हे तीन आकडे हाताशी हवेत. त्यांच्याशिवाय नुसता हप्ता काहीच सांगत नाही.

पुढचा सगळा हिशेब एकाच उदाहरणावर करू. जुळे सोलापुरात २५ लाखांचा फ्लॅट, त्यात ५ लाख स्वतःचे आणि २० लाखांचं कर्ज. व्याज ८.५ टक्के, मुदत २० वर्षं. तुमच्या बँकेचा दर वेगळा असेल, पण हिशेबाची चाल हीच राहील.

हप्ता १७,३५६ रुपये. त्यात मुद्दल किती?

लग्नाला मंडपवाल्याकडून २०० खुर्च्या आणल्या तर रोज २०० खुर्च्यांचं भाडं लागतं. वीस परत पाठवल्या की दुसऱ्या दिवसापासून १८० चं. कर्जाचं व्याजही असंच, जेवढे पैसे अजून आपल्याकडे आहेत तेवढ्यांचंच लागतं. याला घटत्या शिलकेवरचं व्याज म्हणतात.

पहिल्या महिन्यात आपल्याकडे पूर्ण २० लाख आहेत. त्यांचं एका महिन्याचं व्याज १४,१६७ रुपये. हप्ता १७,३५६ चा, म्हणजे मुद्दलातून फक्त ३,१८९ रुपये उतरले. दुसऱ्या महिन्यात व्याज बावीस-तेवीस रुपयांनी कमी आणि मुद्दल तेवढंच जास्त. सुरुवातीला हा बदल इतका सावकाश होतो की पाच वर्षं एकही हप्ता न चुकवता १० लाख ४१ हजार भरले, तरी कर्ज १७ लाख ६२ हजार शिल्लक असतं. भरलेल्यातले ८ लाखांहून जास्त व्याजात गेले. दहा वर्षांनी, म्हणजे बरोबर निम्मी मुदत संपल्यावर, १४ लाख शिल्लक. अर्धं कर्ज फिटायला १३ वर्षं १० महिने लागतात.

शेवटपर्यंत भरत गेलं तर एकूण ४१ लाख ६५ हजार जातात. २० लाख मुद्दल, २१ लाख ६५ हजार व्याज.

यात बँकेनं फसवलेलं नसतं. शिल्लक मोठी असताना व्याज मोठं असणारच. पण दोन गोष्टी यातून आपोआप निघतात: मुदतीला फार किंमत आहे आणि सुरुवातीच्या वर्षांत भरलेला जादा रुपया सगळ्यात जास्त काम करतो.

मुदतीची किंमत

याच २० लाखांचा, याच दराचा हिशेब वेगवेगळ्या मुदतींसाठी असा आहे:

१० वर्षं: हप्ता २४,७९७, एकूण व्याज ९ लाख ७६ हजार
१५ वर्षं: हप्ता १९,६९५, एकूण व्याज १५ लाख ४५ हजार
२० वर्षं: हप्ता १७,३५६, एकूण व्याज २१ लाख ६५ हजार
२५ वर्षं: हप्ता १६,१०५, एकूण व्याज २८ लाख ३१ हजार
३० वर्षं: हप्ता १५,३७८, एकूण व्याज ३५ लाख ३६ हजार

वीसवरून तीस वर्षांवर गेलात तर हप्ता दोन हजारांनीही कमी होत नाही, पण व्याज पावणेचौदा लाखांनी वाढतं. उलट वीसवरून पंधरावर आलात तर महिन्याला २,३३९ रुपये जास्त जातात आणि सहा लाख वीस हजार वाचतात. बिल्डरच्या ऑफिसात ‘हप्ता कमी बसवून देतो’ असं कुणी म्हणालं, की तो मुदत वाढवतोय एवढं लक्षात घ्या आणि तिथल्या तिथे एकूण व्याजाचा आकडा मागा.

तरीही ज्यांचं उत्पन्न बारमाही सारखं नसतं, यंत्रमागाचा धंदा असो की शेती, त्यांनी हप्ता ताणून बसवून घेऊ नये. मंदीच्या चार महिन्यांत हप्ते चुकले तर दंड लागतो, सिबिल स्कोअर पडतो आणि पुढचं कर्ज महाग होतं. अशांनी मुदत थोडी मोठी घ्यावी आणि पैसा आला की जादा भरावा. हे कसं ते पुढे येतं.

दर बदलतो तेव्हा नेमकं काय होतं

बँकांची आजची बहुतेक गृहकर्जं बदलत्या दराची, म्हणजे फ्लोटिंग असतात. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांना नवी फ्लोटिंग गृहकर्जं बाहेरच्या मानदंडाशी जोडावी लागतात आणि बहुतेकांनी त्यासाठी रेपो दर निवडला आहे. रिझर्व्ह बँक ज्या दरानं बँकांना थोड्या मुदतीसाठी पैसे देते, तो रेपो. त्यावर बँक आपला वाढावा लावते, त्याला स्प्रेड म्हणतात. रेपो बदलला की जास्तीत जास्त तीन महिन्यांत तुमचा दर बदलायला हवा.

पण हा नियम गृहवित्त कंपन्यांना आणि सहकारी बँकांना लागू नाही. त्या स्वतःचा मूळ दर ठरवतात. आणि २०१९ च्या आधीचं कर्ज असेल तर ते अजून जुन्या एमसीएलआर किंवा बेस रेटवर, म्हणजे बँकेनं स्वतःच्या खर्चावरून ठरवलेल्या दरावर, असू शकतं, जिथे कपात उशिरा आणि अर्धवट पोचते. दर कमी झाल्याचा मेसेज आला नसेल तर पहिल्यांदा आपलं कर्ज कशाला जोडलेलं आहे ते मंजुरीपत्रात बघा. त्याच बँकेत नव्या पद्धतीवर जाता येतं. त्याला थोडी फी लागते आणि बहुतेकदा ती लवकर वसूल होते.

आता आकडे बघा. आपल्या कर्जाचा दर सुरुवातीलाच ८.५ वरून ९ झाला. बँकेनं हप्ता तोच ठेवला तर २७ हप्ते वाढतात, म्हणजे ४ लाख ७३ हजार रुपये जादा. त्याऐवजी मुदत २० वर्षंच ठेवून हप्ता वाढवला तर महिन्याला फक्त ६३८ रुपये जास्त, सगळे मिळून १ लाख ५३ हजार. अर्ध्या टक्क्याचा तोच बदल, पण दोन वाटांमध्ये तीन लाख वीस हजारांचा फरक.

मोठ्या वाढीत याहून वाईट होतं. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रेपो ४ वरून ६.५० वर गेला. २०२१ मध्ये ६.७५ टक्क्यांनी वीस वर्षांसाठी घेतलेल्या २० लाखांचा हप्ता १५,२०७ होता. दर ९.२५ झाला तेव्हा साडेएकोणीस लाख शिल्लक धरली, तरी महिन्याचं व्याजच १५,०३१ होतं. मुद्दलाला उरले १७६ रुपये. त्या गतीनं ते कर्ज फिटायला ४८ वर्षं लागली असती. पूर्ण २० लाख शिल्लक असते तर हप्ता व्याजालाही पुरला नसता आणि कर्ज भरता भरता वाढत गेलं असतं.

अशा तक्रारींनंतर १८ ऑगस्ट २०२३ रोजी रिझर्व्ह बँकेनं नियम केला. दर बदलला की हप्त्यावर आणि मुदतीवर काय परिणाम होतो ते बँकेनं कळवायचं, हप्ता वाढवायचा की मुदत, की थोडं थोडं दोन्ही, हे कर्जदाराला विचारायचं, आणि दर तिमाहीला मुद्दल, व्याज, उरलेले हप्ते आणि दर दाखवणारं पत्रक द्यायचं. हे पत्रक उघडून बघणारे थोडे असतात. त्यात ‘उरलेले हप्ते’ हा एकच आकडा वर्षातून दोनदा वहीत लिहून ठेवा. सहा महिन्यांत तो सहानं कमी व्हायला हवा. झाला नसेल तर अर्ज घेऊन शाखेत जा.

दर कमी झाल्यावर मात्र हप्ता कमी करून मागू नका. ८.५ चा ८ झाला आणि हप्ता तोच राहिला, तर २० हप्ते, म्हणजे जवळजवळ साडेतीन लाख वाचतात. हप्ता कमी करून घेतला तर वीस वर्षांत दीड लाखच वाचतात. घरखर्चाची ओढाताण असेल तर गोष्ट वेगळी.

दराच्या आकड्याबाहेरचा खर्च

खरेदीखत नोंदवताना महापालिका हद्दीत मुद्रांक शुल्क साधारण ६ टक्के, म्हणजे २५ लाखांवर दीड लाख. नोंदणी फी १ टक्का, पण ३० हजारांपेक्षा जास्त नाही, इथे २५ हजार. हे करारातली किंमत आणि रेडी रेकनर, म्हणजे सरकारी दरानं येणारी किंमत, यांतल्या मोठ्या रकमेवर लागतं. घर फक्त स्त्रीच्या नावे घेतलं तर मुद्रांक शुल्कात १ टक्का सवलत आहे, आपल्या उदाहरणात २५ हजारांची. बांधकाम चालू असलेल्या घरावर जीएसटी लागतो. सोलापूर महानगरांच्या यादीत नसल्यामुळे ४५ लाखांपर्यंतचं आणि ९० चौरस मीटरपर्यंत चटईक्षेत्राचं घर १ टक्क्यात बसतं, त्यावरच्याला ५ टक्के. पूर्णत्वाचा दाखला मिळालेल्या घराला जीएसटी नाही.

मुद्रांक शुल्क आणि नोंदणी कर्जात धरली जात नाही (अपवाद १० लाखांपर्यंतच्या घरांचा). त्यामुळे ‘९० टक्के कर्ज मिळतं’ हे ऐकून हातात १० टक्केच ठेवणाऱ्यांना ऐन वेळी पतसंस्थेतून किंवा सोनं ठेवून महागडे पैसे उचलावे लागतात. किमतीच्या आणखी ८ ते १० टक्के रोख बाजूला काढल्याशिवाय इसार देऊ नका.

प्रोसेसिंग फी अर्धा टक्का धरली तर १० हजार आणि त्यावर १८ टक्के जीएसटी. शिवाय वकिलाचा सर्च रिपोर्ट, मूल्यांकन आणि गहाणाच्या नोंदीचं शुल्क.

विम्याकडे नीट बघा. कर्जाबरोबर एकरकमी हप्त्याची विमा पॉलिसी जोडून तो हप्ता कर्जातच मिळवण्याची रीत आहे. ६० हजारांचा विमा असा मिळवला तर महिन्याचा हप्ता फक्त ५२१ रुपयांनी वाढतो, म्हणून कुणी हरकत घेत नाही. पण वीस वर्षांत त्याचे १ लाख २५ हजार होतात. कमावत्या माणसाचा विमा हवाच, पण त्याच बँकेतून घ्यायची सक्ती नाही. बाहेर साधा टर्म विमा घ्या. कर्ज दुसऱ्या बँकेत नेलं तरी तो चालू राहतो.

बांधकाम चालू असताना बँक टप्प्याटप्प्यानं पैसे देते आणि ताबा मिळेपर्यंत बरेचदा फक्त व्याज घेते. सरासरी १० लाख दोन वर्षं बाहेर असतील तर १ लाख ७० हजार व्याज जातं आणि मुद्दल एक रुपयानंही उतरत नाही. त्यात राहत्या घराचं भाडं चालूच असतं. ताबा वर्षभर लांबला की हा खर्च दीडपट होतो. बँक मान्य करत असेल तर पूर्ण हप्ता पहिल्यापासूनच सुरू करा.

आणि ताबा मिळाल्यावर सोसायटीची देखभाल, घरपट्टी, गच्चीचं वॉटरप्रूफिंग. सोलापुरात पाणी काही दिवसांआड येतं, त्यामुळे साठवणीची टाकी, पंप आणि उन्हाळ्यात टँकर हेही घराच्याच खर्चात धरावं लागतं. महिन्याला नुसते दीड हजार धरले तरी वीस वर्षांत ३ लाख ६० हजार.

१ ऑक्टोबर २०२४ पासून प्रत्येक किरकोळ कर्जाबरोबर मुख्य माहितीपत्रक देणं बंधनकारक आहे. त्याला बँकेत केएफएस म्हणतात. त्यात एपीआर नावाचा आकडा असतो, म्हणजे फी, विमा वगैरे सगळे खर्च धरून येणारा वर्षाचा दर. दोन बँकांची तुलना जाहिरातीतल्या दरावर करू नका, एपीआरवर करा. हे पत्रक तुम्हाला समजणाऱ्या भाषेत मागता येतं, आणि त्यात नसलेला आकार तुमच्या स्पष्ट संमतीशिवाय लावता येत नाही.

सपाट दराचा घोळ

घराच्या वाढीव बांधकामाला किंवा कमी पडलेल्या रकमेला अनेक जण छोट्या संस्थेचं कर्ज घेतात. तिथे ‘९ टक्के फ्लॅट’ असं सांगितलं तर थांबा. सपाट दरात पहिल्या दिवशीच्या पूर्ण रकमेवर शेवटपर्यंत व्याज लागतं, मधे कितीही मुद्दल फेडलं तरी. ५ लाख, ९ टक्के सपाट, ५ वर्षं: व्याज २ लाख २५ हजार, हप्ता १२,०८३. घटत्या शिलकेच्या भाषेत हा दर १५.७ टक्के पडतो. म्हणून ‘व्याज महिन्याला घटणाऱ्या शिलकेवर आहे का?’ एवढा प्रश्न लेखी विचारा. वर्षाअखेर एकदाच शिल्लक घटवणारी पद्धतही महाग पडते. आपल्या २० लाखांना तशी पद्धत लावली तर हप्ता १७,६१२ होतो.

‘पण करात सवलत मिळते ना?’

जुन्या करप्रणालीत राहत्या घराच्या कर्जाचं वर्षाला २ लाखांपर्यंतचं व्याज उत्पन्नातून वजा होतं आणि मुद्दलाला दीड लाखाच्या एकत्र मर्यादेत वजावट मिळते. नव्या प्रणालीत राहत्या घरासाठी यातलं काहीच नाही आणि जुनी मुद्दाम निवडली नाही तर आता आपोआप तीच लागू होते. नव्या प्रणालीत १२ लाखांपर्यंतच्या नेहमीच्या उत्पन्नावर करच लागत नसल्यामुळे बहुतेक मध्यमवर्गीय घरांना या सवलतीचा प्रश्नच उरत नाही. जुन्या प्रणालीत असलात तरी वाचतो तो कर, व्याज नव्हे. वीस टक्क्यांच्या टप्प्यात दोन लाख व्याजामागे साधारण ४० हजार वाचतात, उरलेले १ लाख ६० हजार जातातच. करासाठी कर्ज ताणत ठेवण्याला काही अर्थ नाही.

‘वीस वर्षांनी रुपयाला किंमत काय राहणार?’

हा आक्षेप मात्र खरा आहे. महागाई ५ टक्के धरली तर विसाव्या वर्षीचे १७,३५६ रुपये आजच्या साडेसहा हजारांसारखे वाटतील. सगळे हप्ते आजच्या रुपयात मोजले तर बेरीज ४१ लाख ६५ हजार येत नाही, सुमारे २६ लाख ३० हजार येते. म्हणजे आजच्या पैशात कर्जाची खरी किंमत सुमारे ६ लाख ३० हजार, आणि त्या बदल्यात वीस वर्षं भाडं वाचतं. म्हणून ४१ लाखांचा आकडा बघून घर घेणंच सोडून देऊ नये. फक्त हा दिलासा पगार महागाईबरोबर वाढत असेल तरच लागू पडतो. ज्यांची मिळकत वर्षानुवर्षं तिथल्या तिथे आहे, त्यांना विसाव्या वर्षीचा हप्ता आजच्याइतकाच जड जाईल.

जादा भरणा: किती आणि कसा

पाच वर्षं झाल्यावर एकदाच १ लाख जादा भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर १९ हप्ते कमी होतात आणि व्याज सुमारे २ लाख ३३ हजारांनी घटतं. दिवाळीच्या बोनसमधून दर वर्षी एक जादा हप्ता भरला तर वीस वर्षांचं कर्ज १६ वर्षं ८ महिन्यांत संपतं. पगार वाढेल तसा हप्ता दर वर्षी ५ टक्क्यांनी वाढवला तर १२ वर्षं ३ महिन्यांत, आणि पावणेआठ लाखांच्या आसपास वाचतात. नोकरदारांसाठी हाच सगळ्यात चांगला मार्ग, कारण वाढ अंगवळणी पडायच्या आधीच तिला काम मिळतं. ऊसबिल किंवा द्राक्षाचे पैसे एकदम हातात येणाऱ्यांना एकरकमी भरणा सोयीचा.

वैयक्तिक फ्लोटिंग गृहकर्जावर मुदतीआधी भरल्याबद्दल दंड घेता येत नाही. १ जानेवारी २०२६ पासूनच्या कर्जांसाठी रिझर्व्ह बँकेनं हे अधिक स्पष्ट केलंय: पैसे कुठून आले हे बघायचं नाही आणि अमुक महिने भरता येणार नाही अशी अटही घालायची नाही. स्थिर दराच्या कर्जाला हे लागू नाही, तिथे करार वाचा.

शाखेत जाताना अर्जात एक वाक्य हवंच: ‘ही रक्कम मुद्दलात जमा करावी, हप्ता कायम ठेवून मुदत कमी करावी.’ हे लिहिलं नाही तर काही ठिकाणी रक्कम पुढच्या हप्त्यांची आगाऊ म्हणून पडून राहते, किंवा हप्ता कमी होतो आणि मुदत तशीच राहते. आठ दिवसांनी नवं परतफेड वेळापत्रक मागून शिल्लक मुद्दल तपासा.

जादा भरण्याऐवजी एसआयपी, म्हणजे म्युच्युअल फंडात दर महिन्याला ठरावीक गुंतवणूक, करावी का, हा प्रश्न हमखास येतो. ८.५ टक्क्यांचं कर्ज फेडणं म्हणजे ८.५ टक्के खात्रीचा, करमुक्त परतावा. कर कापून तेवढं देणारी मुदतठेव आज मिळत नाही. शेअर बाजारातून दीर्घ मुदतीत जास्त मिळू शकतं, पण खात्री नसते आणि बरेच जण पडत्या बाजारात एसआयपी बंद करतात. क्रम असा ठेवा: आधी सहा महिन्यांचा घरखर्च आणि हप्ते बाजूला, मग क्रेडिट कार्डासारखी महाग देणी, मग निम्मं कर्जात आणि निम्मं गुंतवणुकीत. घरातली शेवटची शिल्लक मात्र कर्जात टाकू नका. भरलेले पैसे बँक परत देत नाही.

दुसऱ्या बँकेत कर्ज हलवायचं असेल तर वाचणारा हप्ता आणि लागणारा खर्च समोरासमोर ठेवा. आपल्या उदाहरणात पाच वर्षांनी अर्धा टक्का कमी मिळाला तर महिन्याला सुमारे ५१२ रुपये वाचतात. हलवण्याचा खर्च १८ हजार आला तर तो ३५ महिन्यांत निघतो, म्हणजे परवडतं. शेवटची चार-पाच वर्षं उरली असतील तर व्याजच थोडं राहिलेलं असतं, तेव्हा ही धावपळ करू नका. आणि नव्या बँकेत मुदत पुन्हा वीस वर्षं करून घेतली तर सगळी बचत पुसली जाते.

कर्ज फिटल्यावर

शेवटचा हप्ता गेला की ना-देय दाखला घ्या. मूळ कागदपत्रं ३० दिवसांत परत करणं बंधनकारक आहे. बँकेच्या चुकीमुळे उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई द्यावी लागते. कर्ज घेताना दिलेल्या कागदांची यादी आणि पोच जपून ठेवली असेल तरच कोणता कागद आला नाही हे सांगता येतं. सातबाऱ्यावर किंवा मालमत्ता पत्रकावर बँकेचा बोजा चढवलेला असेल तर तो आपोआप उतरत नाही. दाखला जोडून तलाठी किंवा नगर भूमापन कार्यालयात अर्ज करावा लागतो. बोजा उतरलेला नवा उतारा काढून तो खरेदीखताबरोबर ठेवा. महिनाभरानं सिबिल अहवालात कर्ज ‘बंद’ दिसतं का तेही बघा.